टगच्या थांबण्याचे पैसे कोणी द्यायचे?

टग म्हणजे मोठ्या जहाजांना ओढून-ढकलून धक्क्याला लावणारी छोटी, दणकट बोट. बंदरात मोठे जहाज धक्क्याला लागले की टग कंपनी जहाजाच्या एजंटाला बिल पाठवते. किती टग लावल्या, किती तास लागले, रात्रीचा किंवा सुटीच्या दिवसाचा जादा दर, इंधनाचा अधिभार, सगळे त्यात ओळीने लिहिलेले असते. या कामाच्या आधी आणि नंतर ती टग माणसे आणि तेल भरून, इंजिन गरम ठेवून जी नुसती उभी होती, त्या तासांचा हिशेब मात्र कुठेच नसतो. बंदराला खरी गरज त्या उभ्या राहण्याची असते. ठरल्या वेळी, हलक्या वाऱ्यात, सगळी यंत्रे चालू असलेले जहाज आले तर टगवाल्याची परीक्षा होतच नाही.

दीडशे वर्षे हा न लिहिलेला खर्च बहुतेक बंदरांत टग चालवणाऱ्या घराण्यांनी सोसला. कधी परवडत होता म्हणून, कधी दुसरा धंदा येत नव्हता म्हणून, आणि पुष्कळदा टगचे कर्ज आधीच्या पिढीतच फिटले होते म्हणून. आता यांतल्या कितीतरी कंपन्या विकल्या गेल्या आहेत, उरलेल्यांना सर्वांत कमी दराच्या निविदेशी झुंजावे लागते. यावर एक तर हळहळ ऐकू येते, नाही तर ‘बाजार आहे, चालायचंच’. मला दोन्ही बिनकामाचे वाटते. आडनावे येतील आणि जातील. टगची सज्जता मात्र बंदराने स्वतंत्र मोजावी, स्वतंत्र पैसे देऊन विकत घ्यावी आणि करारात तशी लिहावी, एवढे माझे म्हणणे आहे.

हा खर्च किती, ते एका साध्या उदाहरणावरून पाहू. समजा, एका मध्यम बंदरात दिवसाला चार कामे आहेत आणि प्रत्येक कामाला दोन टग दीड तास लागतात. म्हणजे दिवसाला १२ टग-तास झाले. बंदरात तीन टग असतील तर उपलब्ध तास ७२. म्हणजे सहा भागांपैकी पाच भाग वेळ टग उभी. हिशेबनीसाला हे दिसले की तो म्हणणार, तिसरी टग काढा, दोन पुरतात. कागदावर पुरतातही. पण खोल बुडणारी जहाजे भरतीच्या पाण्याची वाट पाहतात, त्यामुळे चार कामे दिवसभर विखुरलेली नसतात, दोन-तीन तासांत एकमेकांच्या पाठीला पाठ लावून येतात. एक टग गोदीत रंगकामाला गेलेली असते. आणि वारा कोणाच्या वेळापत्रकाने वाहत नाही.

वाऱ्याचे गणित तर अधिकच निष्ठुर आहे. ३०० मीटर लांबीचे, डेकवर कंटेनरांच्या थप्प्या रचलेले जहाज वाऱ्याला साधारण १०,००० चौरस मीटरची भिंत देते. २० नॉटचा, म्हणजे ताशी सुमारे ३७ किलोमीटरचा, आडवा वारा त्या भिंतीवर सुमारे ६५ टनांचा जोर लावतो. वारा ३० नॉटवर गेला की तोच जोर १४५ टनांच्या आसपास जातो, कारण जोर वाऱ्याच्या वेगाच्या वर्गाने वाढतो. प्रत्येकी ७० टन खेचणाऱ्या दोन टग पहिल्या वाऱ्यात निवांत असतात. दुसऱ्या वाऱ्यात त्या पूर्ण ताकद लावूनही जहाज धक्क्यावर आपटण्यापासून थांबवू शकत नाहीत, कारण १४० हा आकडा १४५ पेक्षा लहान आहे. वर अनुभवी पायलट, म्हणजे बंदरात जहाजाला वाट दाखवणारा जाणकार, पूर्ण ताकदीवर कधीच हिशेब बांधत नाही, हातचा राखून ठेवतो. तिसरी टग म्हणजे हाच हातचा.

घराण्यांच्या इतिहासात डोकावले की हा हातचा कुठून येत होता ते कळते. हॉलंडमध्ये फोप स्मित याने १८४२ मध्ये १४० अश्वशक्तीची ‘किंडरडाइक’ ही चाकांची वाफटग पाण्यात आणली. न्यूयॉर्कमध्ये आयर्लंडहून आलेल्या मायकेल मोरनने १८६० मध्ये टगची दलाली सुरू केली आणि १८६३ मध्ये ‘आयडा मिलर’ या टगचा अर्धा हिस्सा २,७०० डॉलरना घेतला. १८६४ मध्ये जेम्स मॅकॲलिस्टर हा दुसरा आयरिश माणूस शिडाच्या एका मालवाहू होडीवर त्याच बंदरात उतरला. पश्चिम किनाऱ्यावर टाकोमा गावात थिया फॉस या नॉर्वेहून आलेल्या बाईने १८८९ मध्ये पाच डॉलरला वल्ह्यांची होडी घेतली, रंगवून विकली, आणखी घेतल्या आणि भाड्याने द्यायला लागली, असे त्या कंपनीत सांगतात. १८९२ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत टॉम क्राउलीने ८० डॉलरला १८ फुटी होडी घेऊन नांगरलेल्या जहाजांवर माणसे आणि सामान पोहोचवायला सुरुवात केली.

यांत भांडवल जवळजवळ कोणाकडेच नव्हते. वेळ होता, आणि घरची माणसे होती. जहाज दिसले की पहिल्यांदा कोण पोहोचतो यावर काम मिळे, म्हणून दिवसरात्र कोणीतरी जागे असे. फॉस कंपनीचे ब्रीदच ‘सदैव तयार’ या अर्थाचे आहे, आणि होड्या भाड्याने देणाऱ्या बाईला ते सुचले यात नवल नाही, कारण तिचा धंदा म्हणजे तेवढेच होते. पुढे टग आल्या, पैसा आला, तरी घडी तीच राहिली. नवी टग घेतली की जुनी विकायची नाही, मागच्या धक्क्याला बांधून ठेवायची. ती कर्जमुक्त असते, तिच्यावर घसारा उरलेला नसतो, खलाशी पुतण्या किंवा भाचा असतो, दुरुस्ती स्वतःच्याच कारखान्यात होते. ताळेबंदात ती दिसत नसे. वादळाच्या रात्री मात्र बाहेर निघे. बाहेरच्या भागधारकाला असा पडून राहिलेला पैसा खुपतो, कारण त्याला दर तिमाहीला परतावा हवा असतो. घराण्याला तो खुपत नसे, कारण बंदर बुडाले तर आपणही बुडू हे त्यांना ठाऊक असे.

शहरासाठी टग काय असते हे न्यूयॉर्कला फेब्रुवारी १९४६ मध्ये कळले. सुमारे ३,५०० टग कामगार संपावर गेले. शहराचा कोळसा आणि जळणाचे तेल बार्जमधून, म्हणजे सपाट मालवाहू पडावांतून, येत होते आणि बार्जला स्वतःचे इंजिन नसते. आठवडाभरातच साठे इतके आटले की महापौर विल्यम ओड्वायर यांनी १२ फेब्रुवारीला बहुतेक दुकाने, कचेऱ्या, करमणुकीची ठिकाणे बंद ठेवण्याचा आदेश दिला. साडेतीन हजार माणसांनी काम थांबवले आणि जगातले सर्वांत मोठे शहर अंधारायला लागले. त्या माणसांच्या मागण्या कामाच्या तासांच्या आणि पगाराच्या होत्या, हेही सांगायला हवे. घराण्यांची ती ‘सज्जता’ कोणाच्या झोपेवर उभी होती, याचे उत्तर त्या मागण्यांत आहे. आजही अमेरिकी टगवर सहा तास काम, सहा तास आराम, पुन्हा सहा तास काम अशी पाळी सर्रास चालते. सलग सहा तासांत जेवण, आंघोळ आणि झोप बसवायची म्हणजे झोप जेमतेम साडेचार तासांची होते, आणि टगवरचे बरेच अपघात पहाटेच्या पाळीत का होतात याचा अंदाज कोणालाही करता येईल.

म्हणून घराण्यांचे गोडवे गाताना हात आखडता घेतलेला बरा. मार्च १९२८ मध्ये ‘टी. जे. हूपर’ आणि ‘मॉन्ट्रोझ’ या दोन टग व्हर्जिनियाहून न्यूयॉर्ककडे कोळशाच्या बार्ज ओढत निघाल्या होत्या. वादळाचा इशारा रेडिओवरून दिला जात होता. या टगांवर चालू रेडिओ नव्हता, त्या बंदराच्या आडोशाला वळल्या नाहीत आणि न्यू जर्सीच्या किनाऱ्याजवळ दोघींच्या मागची एकेक बार्ज बुडाली. बचाव असा की रेडिओ ठेवायची त्या काळी या धंद्यात रीतच नव्हती. १९३२ मध्ये न्यायाधीश लर्नेड हँड यांनी तो मानला नाही. अख्खा धंदाच मागे राहिला असेल तर धंद्याची रीत हा पुरावा होत नाही, असा त्या निकालाचा आशय आहे. टगच्या संदर्भात मला तो फार मोलाचा वाटतो. कारण ‘आम्ही पिढ्यान्‌पिढ्या असेच करतो’ हे वाक्य टगवाल्यांच्या तोंडी जितके ऐकू येते तितके क्वचितच दुसरीकडे येत असेल.

त्याच वर्षी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने टग कंपन्यांच्या बाजूने आणखी एक गोष्ट उचलून धरली. न्यूयॉर्कमध्ये टगचा कप्तानच जहाजावर चढून ते धक्क्याला लावायच्या आज्ञा देई. कंपन्यांनी करारात लिहून ठेवले होते की तो जहाजावर चढला की जहाजाचा नोकर, त्याच्या चुकीला आम्ही जबाबदार नाही. डाल्झेल टोइंग कंपनीविरुद्धच्या सन ऑइलच्या खटल्यात न्यायालयाने हे कलम वैध ठरवले. पगार टग कंपनीचा आणि चूक जहाजाची! १९५५ मध्ये बिसो खटल्यात न्यायालयाने थोडी लगाम लावली: टगने स्वतःच्या निष्काळजीपणाची जबाबदारी ओढल्या जाणाऱ्या बार्जवर करारानेही ढकलता कामा नये, असे ठरले. घराणी सेवाभावी होती तशीच वकिलांच्या बाबतीत हुशारही होती.

हँड यांचाच १९४७ चा आणखी एक निकाल टग कंपनीच्या नावाने ओळखला जातो, कॅरोल टोइंगचा. जानेवारी १९४४, न्यूयॉर्क बंदर. टगवरच्या माणसांनी बार्जच्या दोऱ्या सोडून पुन्हा बांधल्या, त्या नीट बसल्या नाहीत, बार्जचा जथा सुटला. त्यातली ‘ॲना सी’ ही पिठाने भरलेली बार्ज एका टँकरवर आदळली, टँकरच्या पाण्याखालच्या पंख्याने (प्रोपेलरने) तिच्या तळाला भोक पडले आणि ती बुडाली. तिच्यावरचा रखवालदार २१ तास जागेवर नव्हता. असता तर पाणी शिरतेय हे कळले असते, पंपही जवळच होते. हँड यांनी विचारायचा प्रश्न आखून दिला: खबरदारीचा खर्च एका बाजूला, अपघाताची शक्यता गुणिले होणारे नुकसान दुसऱ्या बाजूला. पहिली बाजू हलकी असूनही खबरदारी घेतली नाही तर दोष तुमचा. कायद्याच्या वर्गात हे सूत्र शिकवतात. बंदराच्या निविदा समितीत मात्र दुसरी बाजू मांडलीच जात नाही. तिथे फक्त खबरदारीचा खर्च दिसतो.

आता घराणी का विकली गेली ते पाहू, कारण त्याला लोभ किंवा भाऊबंदकी ही कारणे पुरत नाहीत. मोठे कारण यंत्राचे आहे.

जुन्या टगला एक पंखा, एक सुकाणू आणि जवळजवळ मधोमध ओढायचा आकडा (हुक) असे. दोर आकड्यातून मागे जाई. ओढली जाणारी वस्तू टगपेक्षा वेगाने पुढे आली किंवा बाजूला वळली, तर दोर टगच्या कुशीवर येतो आणि तिला आडवी ओढतो. पंखा दोराच्या टोकापेक्षा मागे असल्याने टगला वळून दोराच्या रेषेत येता येत नाही. काही सेकंदांत डेक पाण्याखाली जातो, उघड्या दारांतून पाणी इंजिनरूममध्ये शिरते आणि टग उलटते. उपाय दोन: एक आडवी दोरी लावून ओढायचा बिंदू मागे न्यायचा, आणि आकडा झटक्यात सुटेल अशी तजवीज ठेवायची. झटक्यात सुटणाऱ्या आकड्याची चाचणी बहुतेक वेळा धक्क्याला, दोर सैल असताना घेतली जाते. खरा प्रसंग येतो तेव्हा दोरावर वीस-तीस टन ताण असतो, आकडा गंजलेला असतो आणि सोडण्याचा खटका ज्या माणसाच्या हाताशी असायला हवा तो माणूस तोल सावरत असतो. १९ डिसेंबर २००७ रोजी स्कॉटलंडच्या क्लाइड नदीत दाट धुक्यात ‘फ्लाइंग फँटम’ ही टग अशीच दोराने आडवी ओढली जाऊन उलटली. चौघांपैकी तिघे गेले. २००० मध्येही हीच टग धुक्यात अपघातात सापडली होती. पुढे टग कंपनी आणि बंदर चालवणारी संस्था अशा दोघांनाही न्यायालयाने दंड केला. सज्जतेची जबाबदारी एकट्या टगवाल्याची नसते, असाच याचा अर्थ.

या धोक्यावरचे यांत्रिक उत्तर म्हणजे सर्व दिशांना फिरणारे पंखे. व्हॉइट कंपनीने १९२० च्या दशकात श्नायडर यांच्या कल्पनेवरून उभ्या पात्यांचा पंखा बनवला, १९५० मध्ये शॉटेलने फिरता पंखा बाजारात आणला. आजच्या बंदरी टगच्या मागच्या अंगाला असे दोन पंखे असतात, पुढे दोर गुंडाळणारा विंच असतो आणि ती नाकाने जहाजाला धरून मागे, पुढे, आडवी कशीही खेचते. बळ ६० ते ८० टन. अमेरिकेत बांधलेली अशी टग एक कोटी डॉलरच्या वर जाते. आजोबांची जुनी टग तिच्या शेजारी उभी राहिली तरी तिला बंदराचा परवाना मिळत नाही. म्हणजे मागच्या धक्क्याला बांधलेल्या फुकटच्या तिसऱ्या टगचे युग इथे संपते. तिसरी टगही नव्या कर्जाची घ्यावी लागते, आणि पाचपट वेळ उभ्या राहणाऱ्या कर्जाच्या टगला कोणतीही बँक हरकत घेणारच.

भर म्हणून नियम आले. अमेरिकेत टगबोटी दीर्घकाळ तटरक्षक दलाच्या तपासणीच्या कक्षेबाहेरच होत्या. ‘सबचॅप्टर एम’ हे नियम २०१६ मध्ये आले आणि टप्प्याटप्प्याने २०२२ पर्यंत प्रत्येक टगला तपासणी प्रमाणपत्र घ्यावे लागले. खाऱ्या पाण्यातली टग पाच वर्षांत दोनदा गोदीत घ्यायची, सुरक्षेचे कागद ठेवायचे, तटरक्षक दलाला किंवा बाहेरच्या लेखापरीक्षकाला दाखवायचे. नियम योग्यच आहेत, पंधरा वर्षे आधी यायला हवे होते. पण दोन टगांच्या कंपनीला आणि ऐंशी टगांच्या कंपनीला कागद जवळपास सारखेच लागतात. लहानांनी विकून टाकले.

मोठी घराणीही टिकली नाहीत. फॉस घराण्याने १९६९ मध्ये कंपनी डिलिंगहॅम समूहाला विकली. मोरन कंपनी १९९४ मध्ये बाहेरच्या दोन भागीदारांकडे गेली. काळ्या धुराड्यावरचे पांढरे ‘एम’ अक्षर मात्र अजून तसेच आहे, कारण त्या अक्षरालाही किंमत आहे. मॅकॲलिस्टर मात्र अनेक पिढ्या घराण्यातच राहिली. युरोपात तर साखळीच लागली. स्मितचे १६८ वर्षांचे नाव २०१० मध्ये बॉस्कालिस या गाळ उपसणाऱ्या कंपनीत गेले, त्यातला उत्तर युरोपातला बंदरी टगचा धंदा कोटुग या दुसऱ्या टग कंपनीशी भागीदारीत गेला आणि २०१९ मध्ये तो स्पेनच्या बोलुदाने घेतला. बोलुदा स्वतः घराण्याचीच कंपनी आहे. अमेरिकेत परकी साखळ्या शिरल्या नाहीत, कारण १९२० पासूनच्या कायद्यानुसार किनारी वाहतुकीत अमेरिकेत बांधलेली, किमान ७५ टक्के अमेरिकी मालकीची आणि अमेरिकी खलाशांची जहाजे लागतात. या कायद्याने घराणी वाचवली म्हणणारे बरोबर आहेत, त्याने टग महाग केल्या म्हणणारेही बरोबर आहेत.

एकत्रीकरणाचा फायदा नाकारता येत नाही. मोठी कंपनी एका बंदरातली टग बिघडली तर दुसऱ्यातून आणते, सुटे भाग एकत्र घेते, सिम्युलेटरवर प्रशिक्षण देते. पण धोकाही एकत्र होतो. नोव्हेंबर २०२२ मध्ये स्वित्झर या टग कंपनीने पगारकराराच्या वादात ऑस्ट्रेलियातल्या १७ बंदरांवरच्या सुमारे ६०० कर्मचाऱ्यांना टाळेबंदीची नोटीस दिली. देशाची बहुतेक महत्त्वाची बंदरे एका तारखेला बंद होणार होती. तिथल्या कामगार वाद सोडवणाऱ्या फेअर वर्क कमिशनने मध्ये पडून ते थांबवले. घराण्यांच्या काळात एखादे बंदर बंद पडे. इथे एका पत्राने देशाचा समुद्र बंद पडायची वेळ आली होती.

मग कमी दराची निविदा काय करते? टग तीच, इंजिन तेच, बळाचे प्रमाणपत्रही तेच असू शकते, म्हणून ती निरुपद्रवी भासते. कपात होते ती जिथे कोणी पाहत नाही तिथे. पहिली दोरावर. आजचा टगचा दोर पोलादी तारेऐवजी उच्च प्रतीच्या पॉलिएथिलीनचा असतो, त्याच ताकदीच्या तारेच्या सातव्या हिश्शाएवढा हलका, पाण्यावर तरंगणारा. ७० टन खेचणाऱ्या टगला साधारण तिप्पट, म्हणजे २०० टनांवर तुटणारा दोर लावतात, आणि पुढे जहाजाच्या कडेत घासला जाणारा काही मीटरचा तुकडा वेगळा जोडतात, की झिजला तर तेवढाच बदलता यावा. हा तुकडा किती कामांनंतर काढायचा, मुख्य दोराची टोके कधी उलटवायची, जुन्या दोराचा नमुना तोडून उरलेली ताकद कधी मोजायची, याची वही असते. पैसे कमी पडले की वहीतले आकडे लांबतात. असा दोर बाहेरून चांगला दिसतो, आतले धागे उष्णतेने आणि वाळूच्या कणांनी कापलेले असतात, आणि तो झटका बसल्यावरच तुटतो.

दुसरी कपात माणसांवर होते. चारऐवजी तीन माणसे. दोन टगांना मिळून एक इंजिनीअर. तिसरी सरावावर: ताणाखाली दोर सोडण्याचा, इंजिन बंद पडल्यावर एका पंख्यावर टग आवरण्याचा, चालत्या जहाजाच्या पुढ्यात नाक नेऊन दोर देण्याचा. हे शेवटचे काम सर्वांत धोकादायक. सहा नॉटच्या वर जहाजाच्या पुढच्या टोकाजवळ पाण्याचा दाब असा बदलतो की टग क्षणात जहाजाखाली ओढली जाऊ शकते. सरावाला इंधन लागते आणि त्याचे बिल कोणालाच लावता येत नाही. बळाचे प्रमाणपत्रही डोळे उघडे ठेवून वाचावे. टग धक्क्यावरच्या खुंट्याला दोराने बांधून, मध्ये मापक लावून, काही मिनिटे पूर्ण ताकदीने चालवतात आणि सरासरी घेतात. दोर आखूड असला किंवा पाणी उथळ असले तर पंख्याचा झोत परत आदळून आकडा बिघडतो. दहा वर्षांपूर्वी कोरी इंजिने असतानाचा आकडा आजच्या करारात लिहिणे ही तर नेहमीची गोष्ट. उलटी गफलतही होते. टग ८० टनांची आणि जुन्या जहाजावरचा खुंटा ५० टनांचा असला, तर पूर्ण ताकद लावणे म्हणजे खुंटा उपटणे. पायलटला दोन्ही आकडे माहीत हवेत.

२६ मार्च २०२४ च्या मध्यरात्री बाल्टिमोरमध्ये ‘डाली’ हे ३०० मीटरचे कंटेनर जहाज दोन मॅकॲलिस्टर टगांनी धक्क्यावरून काढले, वळवले आणि मुख्य वाटेला लागल्यावर दोर सोडून त्या परत फिरल्या. त्यांनी कोणताही नियम मोडला नाही, काम संपले होते. एक वाजून पंचवीस मिनिटांनी जहाजाची वीज गेली. पायलटने टगांना हाक दिली. सुमारे चार मिनिटांत जहाज फ्रान्सिस स्कॉट की पुलाच्या खांबावर आदळले, पूल पडला, त्यावर काम करणारे सहाजण मेले. अमेरिकेच्या राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाने २०२५ मध्ये सांगितलेले कारण ऐकून थक्क व्हायला होते: विजेच्या एका तारेवरचे नावाचे लेबल चुकीच्या जागी बसल्याने तार जोडणीत पूर्ण शिरली नव्हती, ती सैल झाली.

टग असती तर पूल वाचला असता का, यावर छातीठोक बोलणाऱ्यांवर विश्वास ठेवू नये. टग नुसती शेजारून धावत असती तर बहुधा नाही. दोर द्यायला आधी हलकी दोरी फेकावी लागते, मग जाड दोरी, मग मुख्य दोर, तो जहाजावरच्या माणसांनी ओढून खुंट्यात अडकवायचा. वीज गेली की जहाजाचा विंच चालत नाही, हाताने ओढावे लागते, आणि मध्यरात्री मागच्या डेकवर माणसेच नसतात. उत्तम परिस्थितीतही चार मिनिटे यातच जातात. उपयोग होतो तो आधीच मागे बांधून ठेवलेल्या टगचा. ती आडवी होऊन स्वतःचे कवच पाण्याच्या झोतात धरते तेव्हा दहा नॉटला तिच्या इंजिनाच्या खेचेच्या दीडपट-दुप्पट जोर जहाजाच्या शेपटीवर येऊ शकतो. पण यासाठी प्रत्येक जहाजामागे टग आणखी तासभर गुंतते. पुन्हा तोच प्रश्न, त्या तासाचे पैसे कोणाचे? कप्तानाने मागितली तर जहाजाचे, म्हणून कप्तान सहसा मागत नाही. पुलावरून जाणाऱ्या हजारो माणसांना मागण्याची सोयच नाही.

अलास्कामध्ये हा प्रश्न सोडवलेला आहे, दुर्दैवाने १९८९ च्या ‘एक्सॉन व्हाल्डेझ’ या तेलवाहू जहाजाच्या अपघातानंतर. १९९० च्या कायद्याने प्रिन्स विल्यम साउंड या आखातातून जाणाऱ्या तेलभरल्या टँकरबरोबर दोन टग सक्तीच्या केल्या, आणि २०१० मध्ये दुहेरी कवचाच्या टँकरांनाही सूट मिळणार नाही असे ठरले. पैसे तेलवाले देतात, पाइपलाइन कंपनीच्या कराराद्वारे. तिथे टग कामावर असो वा उभी, ती करारातली टग आहे. अनेक वर्षे हे काम क्राउलीकडे होते. २०१८ मध्ये ते एडिसन शूएस्टकडे गेले, हेही लुइझियानाचे घराणेच. नव्या टग आल्या, तक्रारीही झाल्या, पण टँकर एक दिवसही एकटा गेला नाही. घराणे बदलले आणि सज्जता राहिली, कारण ती आडनावात नव्हती, कागदात होती.

बाकी बंदरांना एवढे काटेकोर जमणार नाही, पण मार्ग तोच आहे. सज्जतेचे शुल्क बंदरात येणाऱ्या प्रत्येक जहाजाकडून टनांवर घ्यावे, त्याने टग वापरली असो वा नसो, आणि कामाचे बिल त्या प्रमाणात कमी करावे. परवान्यात टगांची संख्या, बळ, हाक दिल्यापासून निघण्याची वेळ, मिनिटांत लिहावी आणि न सांगता हाक देऊन तपासावी. दोराची वही आणि ताणाखाली सोडण्याच्या सरावाची नोंद बंदराच्या अधिकाऱ्याने वर्षातून दोनदा स्वतः उघडावी. परवाना तीन वर्षांचा दिला तर कोणी नवी टग घेणार नाही, मागच्याच रंगवून आणतील. सात ते दहा वर्षे द्यावी.

जहाज कंपन्या यावर म्हणतील, एकालाच परवाना म्हणजे मक्तेदारी. बहुतेक मध्यम बंदरांत दोन टग कंपन्यांचे पोट भरतच नाही. ऑस्ट्रेलियाच्या उत्पादकता आयोगाने २००२ मध्येच हे ओळखून ‘बंदरात’ स्पर्धा ठेवण्यापेक्षा ‘बंदरासाठी’ स्पर्धा, म्हणजे परवान्याच्या वेळी चुरस, हा मार्ग सुचवला होता. युरोपीय संघाच्या २०१७ च्या बंदर सेवा नियमांतही पुरवठादारांची संख्या मर्यादित ठेवायला आणि सतत उपलब्धतेची अट घालायला मुभा आहे. मुभा आहे, पण बंदरे ती अट मोघम लिहितात. ‘पुरेशा टग उपलब्ध ठेवाव्यात’ या वाक्याला न्यायालयात काहीही किंमत नाही. ‘७० टनांच्या तीन, चोवीस तास, ३० मिनिटांत’ याला आहे.

एक कलम मात्र बहुतेक ठिकाणी राहूनच जाते. परवाना घराण्याच्या नावावर असतो आणि घराणे विकले गेले की तो नव्या मालकाबरोबर आपोआप जातो. नवा मालक पहिल्या वर्षी काही बदलत नाही, दुसऱ्या वर्षी तिसरी टग दुसऱ्या बंदरात ‘तात्पुरती’ हलवतो. मालकी बदलली की परवाना सहा महिने तात्पुरता व्हावा, आणि त्या काळात बळाची चाचणी, दोरांची तपासणी आणि रात्रीची एक हाक, तिन्ही पुन्हा घ्याव्यात. चाचणीचा खर्च विकत घेणाऱ्याने द्यावा.